प्रतिध्वनींचा गांव

हुआन रुल्फो या मेक्सिकन लेखकाची ‘पेद्रो पारामो’ ही कादंबरी १९५५ सालीं प्रसिद्ध झाली. आकारानें ती इतकी लहान आहे कीं, एका रात्रींत सहज वाचून व्हावी. परंतु पहिल्या वाचनांत ती पुष्कळांस उमगत नाहीं, आणि मग ‘भुतांची गोष्ट’ म्हणून तिला बाजूस सारण्याचा मोह होतो. वाचकानें हा मोह आवरावा, असें आम्हांस वाटतें.

कथानक थोडक्यांत सांगतां येईल. मरणोन्मुख आईस दिलेलें वचन पाळण्यासाठीं हुआन प्रेसियादो कोमाला गांवीं, कधीं न पाहिलेल्या बापाच्या शोधार्थ जातो. आईच्या आठवणींतला गांव हिरवागार होता; डोळ्यांपुढें येतो तो ओसाड आणि तापलेला. (कोमाला नांवाचा खराखुरा गांव मेक्सिकोच्या कोलिमा प्रांतांत आहे, पण त्याचें या गांवाशीं साम्य नांवापुरतेंच. तिकडे मक्याची पोळी ज्या मातीच्या तव्यावर भाजतात, त्यास ‘कोमाल’ म्हणतात, हें लक्षांत घेतलें म्हणजे नांवाची निवड पटते.) भेटणारीं माणसें एकामागून एक मेलेलीं निघतात आणि पुस्तक निम्म्यावर येतें न येतें तोंच हुआनही मरतो. त्यास मारतें कोण? कुजबूज! भिंतींच्या पोकळींत आणि दगडांखालीं कोंडून राहिलेले जुने आवाज त्याचा प्राण घेतात. पुढील हकीकत तो थडग्यांत पडून ऐकतो, आणि आपणही त्याच्याबरोबर ऐकतों.

आतां प्रश्न असा कीं, हे आवाज तेथें उरले कां? येथेंच ही कादंबरी भुताखेतांच्या कथांपासून वेगळी होते. पेद्रो पारामो हा गांवचा धनी. हुआनच्या आईशीं त्यानें लग्न केलें तें तिच्या घराण्याचें कर्ज बुडविण्यासाठीं. त्याचा दांडगा मुलगा मिगेल मरतो, तेव्हां त्यास आशीर्वाद देण्यास फादर रेन्तेरिआ प्रथम नकार देतात. कारण त्यांच्या भावाचा खून आणि पुतणीची विटंबना याच मुलानें केलेली. पण पेद्रो मूठभर सोन्याचीं नाणीं ठेवून जातो, आणि अखेर धर्मगुरू नमतो. आत्महत्या केलेल्या एदुविहेसची बहीण पदर पसरते, तिच्यापाशीं मात्र पैसा नसतो. पुढें हेच फादर शेजारच्या गांवच्या धर्मगुरूकडे स्वतःच्या पापाची क्षमा मागावयास जातात, तेव्हां त्यांनाही ती मिळत नाहीं. आपल्याकडे पिंडास कावळा शिवला नाहीं, तर मागें राहिलेल्यांनीं मृतास कांहीं वचन द्यावयाचें असतें. कोमाल्यांत वचन द्यावयास कोणी उरलेलेंच नाहीं! तेथील प्रतिध्वनि म्हणजे न फिटलेलें देणें होय.

रुल्फोस हें दूरून सुचलेलें नव्हे. त्याचा जन्म १९१७ चा, हालिस्को प्रांतांतला. बापाचा खून झाला तेव्हां तो सहा वर्षांचा होता, आणि १९२६ ते १९२९ पर्यंतचें धर्मयुद्ध त्याच्याच मुलखांत पेटलें होतें.

भूतकाळाचे आवाज कोणासही ऐकूं येतील. या गांवांत भविष्याचेही आवाज येतात. आरंभीं हुआनला वाट दाखविणारा खेचरवाला अबुंदियो हाही पेद्रोचाच मुलगा. बायकोच्या मृत्यूनंतर दारूच्या धुंदींत तोच पेद्रोवर सुरी घेऊन जातो, पण तें आपण वाचतों शेवटल्या पानांत. म्हणजे बापाच्या शोधास निघालेल्या मुलाच्या कानीं पहिला आवाज पडतो, तो बापाच्या मारेकऱ्याचा. ही योजना एकदां ध्यानीं आली कीं, कादंबरीचे विस्कळित वाटणारे तुकडे आपोआप जुळूं लागतात.

गाब्रिएल गार्सिया मार्केस १९६१ सालीं मेक्सिकोस आला, तेव्हां त्याच्या एका मित्रानें हें पुस्तक त्याच्या हातीं दिलें. १९६७ च्या त्याच्या प्रसिद्ध कादंबरींतील माकोन्दो गांवांत एका घराण्याचें शंभर वर्षांचें भवितव्य आधींच लिहून ठेविलेलें आहे, आणि तेंही संस्कृतांत! आपणांस याचें कौतुक वाटावें हें साहजिक आहे. तथापि आमच्या मतें या बाबतींत रुल्फो अधिक निष्ठुर, आणि म्हणून अधिक खरा आहे. माकोन्दोच्या शेवटल्या वंशजास आपलें भवितव्य निदान वाचतां तरी येतें. कोमाल्यांत तें नुसतें कानावरून जातें.

एक आक्षेप मात्र घ्यावासा वाटतो. सुसानावरील पेद्रोचें प्रेम रुल्फोनें इतक्या कोमल शब्दांत रंगविलें आहे कीं, त्या जुलमी माणसाची कीव येऊं लागते. ती मरते तेव्हां दिवसचे दिवस घंटा वाजत राहतात. आसपासचे लोक जत्रा समजून लोटतात, तमाशे उभे राहतात. पेद्रो संतापतो, हाताची घडी घालून बसतो, आणि त्याच्या शेतांवर पोट असलेला सारा गांव उपाशी मरतो. त्या उपाशी मेलेल्यांचे आवाज रुल्फोनें आणखी थोडे ऐकवावयास हवे होते.