लोणारला कोण राहतं?

परवा फलटणला शेजारच्या आक्कांना लोणारची एक रील दाखवली. ड्रोन वर चढतो, खाली गोल हिरवं विवर उघडतं, शंख आणि ढोल वाढत जातात आणि एक जड आवाज सांगतो की हा परग्रह नाही, आपला महाराष्ट्र आहे. आणि इथलं रहस्य शास्त्रज्ञांनाही उलगडलेलं नाही. आक्कांनी शेवटपर्यंत पाहिलं आणि विचारलं, ‘‘सगळं खरं, पन तिथं ऱ्हातंय कोन?’’

रीलमध्ये कोणीच राहत नव्हतं. देवळं होती, पण पुजारी नव्हता. पाणी होतं, काठावर माणूस नव्हता. पुढच्या चार-पाच रील पाहिल्या, त्यांतही तेच. ‘रहस्यमय लोणार’ हा आता एक साहित्यप्रकारच झालाय. मग त्याची समीक्षाही व्हायला हवी.

या प्रकाराला आपण पुराणकथेचा वारस आहोत असं वाटतं. पण कथा पुन्हा ऐकून बघा. लवणासुर जमिनीखालच्या विवरात राहायचा. विष्णूनं दैत्यसूदनाचं रूप घेतलं, पायाच्या अंगठ्यानं विवराचं झाकण उडवलं आणि त्याला मारलं. ही कथा रचणाऱ्यानं दोन गोष्टी नीट पाहिल्या होत्या. एक, हा खड्डा नुसता खचलेला वाटत नाही, काहीतरी जोरात घडल्यासारखा दिसतो. दोन, पाणी खारं आहे. असुराच्या नावातच लवण म्हणजे मीठ आहे. म्हणजे कथा उत्तर देऊ पाहते. उत्तर आज पटो न पटो, तिला प्रश्न पडलाय. रीलला प्रश्न पडलेला नाही, तिला फक्त थरार हवाय.

आक्कांना तो प्रश्न का पडला असेल, याचा विचार करताना एक पुस्तक आठवलं. आक्का महानुभाव पंथातल्या. फलटण हे चक्रपाणी प्रभूंचं जन्मगाव. चैत्रात इथं घोड्याची यात्रा भरते, तेव्हा गल्लीबोळात ‘दंडवत प्रणाम’ ऐकू येतो. ते पुस्तक म्हणजे पंथाचं ‘लीळाचरित्र’, आणि त्यात लोणार आहे. तेराव्या शतकात चक्रधर स्वामी तिथं गेले होते. यादव राजा कान्हरदेव त्यांना तिथंच भेटल्याची लीळा आहे.

लीळाचरित्राची रीत बघण्यासारखी आहे. म्हाइंभटांनी स्वामींना पाहिलेल्या माणसांकडे जाऊन आठवणी गोळा केल्या. लीळा बहुतेक आखूड असते: जागा कुठली, सोबत कोण, कोण काय बोललं. दोघांच्या आठवणी जुळल्या नाहीत तर तो फरकही नोंदवला जातो. पुढं पंथात ‘स्थानपोथी’ तयार झाली. तिच्यात स्वामींच्या वास्तव्याच्या जागांची नोंद आहे, देऊळ कुठल्या दिशेला आणि दार कुठल्या बाजूला इथपर्यंत. भक्तीनं लिहिलेली ही पुस्तकं आहेत, त्यांत चमत्कारही आहेत. विवर कसं झालं हा त्यांचा विषय नाही. पण जागेचा पत्ता ती कधी सोडत नाहीत. जिथं स्वामी बसले ती जागा पवित्र, म्हणून ती अचूक सांगितली पाहिजे. श्रद्धेनं इथं धुकं केलं नाही, उलट नजर बारीक केली.

गंमत अशी की हे ग्रंथ कित्येक शतकं सकळ लिपीसारख्या सांकेतिक लिप्यांमध्ये बंद होते. म्हणजे लिपी गूढ आणि आतला मजकूर स्वच्छ. आज बरोबर उलटं झालंय: सगळं उघड्या स्क्रीनवर आहे आणि मजकूर तेवढा गूढ.

खरं तर ‘उलगडलेलं नाही’ हे वाक्यच खोटं आहे. लोणार ज्वालामुखीमुळे झालं असं बरीच वर्षं मानलं जायचं. १९७३ साली तिथल्या खडकात मॅस्केलिनाइट ही काच सापडल्याचं प्रसिद्ध झालं. ती प्रचंड आघाताच्या दाबानं तयार होते, म्हणून उल्कापाताचं उत्तर पक्कं झालं. विवर सुमारे १.८ किलोमीटर रुंद आहे आणि ते बेसाल्टमध्ये आहे. फलटणच्या विहिरी ज्या काळ्या कातळात खोदल्यात, तोच हा दगड. चंद्र आणि मंगळावरची कितीतरी विवरंही बेसाल्टमध्येच आहेत, म्हणून तिकडचं समजून घ्यायला शास्त्रज्ञ लोणारला येतात. परग्रहाशी नातं आहेच, ते रीलपेक्षा जास्त रोमांचक आहे.

न सुटलेला प्रश्नही आहे. विवराचं वय एका पद्धतीनं सुमारे ५२ हजार वर्षं येतं, दुसऱ्या पद्धतीनं सुमारे ५ लाख ७० हजार. दोन्ही आकडे शोधनिबंधांत आहेत. मला इथं म्हाइंभट आठवतात: साक्षी जुळत नसतील तर दोन्ही लिहून ठेवा.

हा नुसता शैलीचा वाद असता तर सोडून दिला असता. जून २०२० मध्ये तळ्याचं पाणी गुलाबी झालं आणि फोनवर अवतार, शाप, संकेत सगळं येऊन गेलं. पुण्याच्या आघारकर संशोधन संस्थेनं नमुने तपासले. पाणी आटून खारटपणा वाढला होता, त्यात मीठप्रेमी सूक्ष्मजीव वाढले आणि त्यांच्या रंगद्रव्यानं तो रंग आला. त्याच वर्षी लोणारला रामसर स्थळाचा दर्जा मिळाला. या तळ्याचं पाणी अतिशय क्षारयुक्त आहे, म्हणूनच तिथली जीवसृष्टी वेगळी आहे. त्यात गावाचं सांडपाणी किंवा शेतातलं खत उतरलं तर ते वेगळेपण टिकणार नाही.

रहस्याची अडचण हीच आहे. शापाला जबाबदार कोणी नसतो, सांडपाण्याला असतो. निर्मनुष्य विवर बघून आपण ‘वॉव’ लिहितो आणि पुढं सरकतो. काठावर वस्ती आहे, शेती आहे, गटार आहे हे दिसलं तर पुढं सरकणं अवघड होतं.

आक्कांना मी एवढं सगळं सांगितलं नाही. एवढंच म्हणालो, ‘‘आक्का, गाव हाय तिथं, अगदी काठावर.’’

‘‘मग ते दाखवायचं की,’’ आक्का म्हणाल्या.