पेटीवरचे नाव पुरेसे नाही

संगणकाची बहुतेक शालेय पुस्तके दोनच खाने शिकवतात: हार्डवेअर आणि सॉफ्टवेअर. या दोहोंमधले फर्मवेअर सहसा राहून जाते. फर्मवेअर म्हणजे यंत्राच्याच स्मृतीत कायम बसवलेली, वीज गेली तरी न पुसली जाणारी आज्ञावली. हा शब्द ॲशर ऑप्लर यांनी १९६७ मध्ये वापरात आणला.

हे वगळल्याने काय बिघडते? समजा, डोळखांबच्या एखाद्या शाळेतील राउटरमध्ये सुरक्षेच्या त्रुटी घालवण्यासाठी नवे फर्मवेअर भरायचे आहे. 'नवी फाइल उतरवून घ्या' एवढेच सांगून माहितीपुस्तिका मोकळी होते. पण कोणती फाइल? लिंक्सिसच्या 'डब्ल्यूआरटी५४जी' या राउटरचे उदाहरण पाहा. त्याच्या चौथ्या आवृत्तीत ४ मेगाबाइट फ्लॅश स्मृती आणि लिनक्स होते. २००५ च्या पाचव्या आवृत्तीत २ मेगाबाइट आणि व्हीएक्सवर्क्स ही निराळीच प्रणाली. पेटीवरचे नाव मात्र तेच! चुकीची फाइल भरली, किंवा भरताना मध्येच वीज गेली, तर राउटर सुरूच न होण्याचा धोका असतो. मग योग्य फाइल आणायला जोडणीही उरत नाही. म्हणून आधी राउटरच्या तळावरच्या चिठ्ठीतील आवृत्ती वाचावी.

फाइलसोबत अनेकदा एसएचए-२५६ पद्धतीचा ६४ चिन्हांचा पडताळा-अंक दिलेला असतो. उतरवलेल्या फाइलवरून काढलेला अंक त्याच्याशी जुळला नाही, तर ती फाइल वापरू नये. मात्र फाइल आणि अंक दोन्ही एकाच अनोळखी ठिकाणचे असतील, तर लबाडी करणारा दोन्ही बदलू शकतो. तेव्हा अंकाइतकेच महत्त्व फाइल कोठून घेतली याला आहे.

आणि निर्मात्याने फाइल देणेच थांबवले तर? याच राउटरमध्ये लिनक्स असल्याने परवान्याच्या अटींनुसार २००३ मध्ये त्याची मूळ संहिता खुली झाली, आणि त्यातून २००४ मध्ये 'ओपनडब्ल्यूआरटी' हा प्रकल्प उभा राहिला. तो प्रत्येक यंत्र व आवृत्तीसाठी वेगळी फाइल पडताळा-अंकासह देतो. तोही निर्दोष नाही: कमी स्मृतीच्या जुन्या यंत्रांना त्याच्या नव्या आवृत्त्या पेलत नाहीत, आणि पहिल्यांदा भरायची 'फॅक्टरी' फाइल व पुढे वापरायची 'सिसअपग्रेड' फाइल यांत नवखा माणूस गोंधळतो. तरीही निवड कशी करायची, हे तो उघड दाखवतो.

विकत घेतलेले यंत्र दुरुस्त करता येणे हा ग्राहकाचा हक्क मानायला हवा. त्याची सुरुवात वर्गात करता येईल: पाठ्यपुस्तकातल्या दोन खान्यांच्या मध्ये विद्यार्थ्यांना तिसरा खाना आखायला सांगा.