'नादा सोसो' : बहिणीचे गीत, प्रेमिकांचा चित्रपट

ओकिनावाच्या बोलीत 'नादा सोसो' म्हणजे घळाघळा वाहणारे अश्रू. 'बिगिन' या ओकिनावी वाद्यवृंदाच्या चालीवर गायिका रियोको मोरियामा यांनी शब्द लिहिले, ते ऐन तारुण्यात निवर्तलेल्या आपल्या थोरल्या भावाच्या आठवणीने. २००१ साली रिमी नात्सुकावा यांच्या आवाजात हे गीत जपानभर पोहोचले आणि २००६ मध्ये नोबुहिरो दोई यांनी त्याच नावाचा चित्रपट दिग्दर्शित केला.

गीत बहिणीचे, चित्रपट मात्र प्रेमकथेचा. हा सांधा जुळावा कसा? पटकथेत योता आणि काओरु रक्ताची भावंडे नाहीत. त्याच्या आईने तिच्या वडिलांशी संसार मांडला. वडील परागंदा झाले, आई वारली. मृत्युशय्येवरून तिने लहानग्या योतावर काओरुचा भार सोपविला. पुढे नाहा शहरात राबून, पै पै साठवून स्वतःचे उपाहारगृह काढू पाहणारा योता आणि शिक्षणासाठी बेटावरून त्याच्याकडे आलेली काओरु एका छपराखाली राहू लागतात.

सोय म्हणून योजलेले हे सावत्र नाते हाच चित्रपटाचा खरा गाभा ठरतो. काओरु त्याला 'नीनी' म्हणते. ओकिनावात थोरल्या भावाला अशी हाक मारतात. आपल्या 'दादा'सारखाच हा शब्द जवळ घेतो आणि मर्यादाही आखतो. रडू आले की नाक चिमटीत धरायचे, ही आईने शिकवलेली युक्ती योता मोठेपणीही विसरत नाही. सातोशी त्सुमाबुकी यांनी ही बालिश कृती अशी केली आहे की, पुढे संवादांची गरजच उरू नये. मासामी नागासावांच्या काओरुला सारे उमगलेले असते; बोलत तीही नाही. आईला दिलेले वचन पाळायचे तर प्रेम उच्चारता येत नाही, आणि प्रेम नसते तर ते वचन इतके जड झाले नसते.

उत्तरार्ध मात्र कोसळतो. फसवणुकीत पैसा बुडणे समजू शकते. पण तुफानाच्या रात्री बहिणीच्या मदतीला धावलेल्या योताला आजाराने एकाएकी उचलून न्यावे, ही निव्वळ अश्रूंची वसुली आहे. (शीर्षक सार्थ करण्याची एवढी घाई कशाला?)

तरीही त्याच्या पश्चात येणारे पार्सल विसरता येत नाही. त्यात असतो काओरुच्या विसाव्या वर्षीच्या वयात येण्याच्या सोहळ्यासाठी किमोनो. घरच्या वडीलधाऱ्यांनी मुलीसाठी करावयाची ती तजवीज, ती योताने आधीच करून ठेवलेली असते.