निवड, उद्गार आणि श्रोता : ‘स्टार’ या लघुपटाविषयी

संस्थानी काळातील म्हैसूरमध्ये साबू हा माहुताचा मुलगा रॉबर्ट फ्लाहर्टी यांच्या चित्रपथकाच्या नजरेस पडला आणि १९३७च्या ‘एलिफंट बॉय’मुळे जगभर नट म्हणून ओळखला गेला. नटाच्या निवडीच्या कथा बहुधा अशा यशाच्या टोकाकडून सांगितल्या जातात. सत्यजित राय यांची ‘पटोलबाबू फिल्मस्टार’ ही बंगाली कथा आणि तिच्यावर आधारलेला दिबाकर बॅनर्जी यांचा ‘स्टार’ हा हिंदी लघुपट या रूढीला छेद देतात. येथे निवड होते. नट मात्र अनामिकच राहतो.

भारतीय चित्रपटाच्या शताब्दीनिमित्त ३ मे २०१३ रोजी प्रदर्शित झालेल्या ‘बॉम्बे टॉकीज’ या चार लघुपटांच्या संग्रहात ‘स्टार’चा समावेश आहे. कोलकात्याचा पटोलबाबू येथे मुंबईतील चाळीत राहणारा मराठी पुरंदर (नवाजुद्दीन सिद्दिकी) होतो. रस्त्यावरील चित्रीकरणात नायकाला धडकायचे आणि एक उद्गार काढायचा, एवढीच त्याची भूमिका.

राय यांचा पटोलबाबू ‘आः’ हा उद्गार निरनिराळ्या छटांनी म्हणून पाहतो. त्या एका अक्षरात वेदनेपासून सुखापर्यंत किती अनुभव सामावतात, हे त्याला उमगत जाते. दिवंगत गुरूची शिकवण आठवते. गद्याला सहजसाध्य असलेले हे अंतर्मन पडद्यावर आणण्यासाठी बॅनर्जी गुरूलाच प्रकट करतात, तेही कचराकुंडीतून. सदाशिव अमरापूरकरांनी साकारलेला हा गुरू शिष्याची चांगलीच हजेरी घेतो. प्रसंग रंगतो, परंतु कथेत जे मनातल्या मनात घडते ते येथे काहीसे बोलके होते, हेही नमूद करावे लागते.

अधिक महत्त्वाचा भेद शेवटी आढळतो. दोघेही मानधन न घेता निघून जातात. पटोलबाबूला केलेल्या कामाचे समाधान पुरते. त्याला साक्षीदार लागत नाही. पुरंदर मात्र घराकडे धावतो आणि आजारी मुलीसमोर घडलेला प्रसंग अभिनयातून उभा करतो. त्याचे शब्द प्रेक्षकाला ऐकू येत नाहीत.

या शेवटामुळे कथेतील संयम ढळतो, असा आक्षेप घेता येईल. तथापि वडिलांकडून गोष्टीची अपेक्षा करणारी ही मुलगी लघुपटात आरंभापासून आहे. पथकाने चेहरा पाहून निवडलेल्या नटाची खरी परीक्षा तिच्यासमोर होते. राय यांच्या कथेत कलाकृती कलावंतापाशी पूर्ण होते, तर लघुपटात ती श्रोत्यापाशी. माध्यमांतराची चर्चा मूळ संहितेवरील निष्ठेपाशीच थांबली, तर हा फरक हाती लागत नाही.