कल्याणचें बिशपपीठ व ‘नेस्तोरी’ ही संज्ञा

उत्तर कोंकणांतील प्राचीन ख्रिस्ती वसाहतीसंबंधीं जें लिहिलें जातें, त्यांत एक वाक्य बहुधा ठरलेलें असतें : इ. स. च्या सहाव्या शतकांत कल्याणास नेस्तोरी बिशप होता व चौदाव्या शतकांत ठाण्यास नेस्तोरी लोकांची वस्ती होती. या वाक्यांत निरनिराळ्या योग्यतेचीं दोन विधानें एकत्र बांधलेलीं आहेत. एक स्थळासंबंधीं, दुसरें मतासंबंधीं. पहिलें टिकण्याजोगें आहे. दुसरें मात्र ज्या अर्थानें केलें जातें त्या अर्थानें टिकत नाहीं, असें प्रस्तुत लेखकास वाटतें.

प्रथम स्थळ पाहूं. सर्व आधार अलेक्झांड्रियाचा व्यापारी कॉस्मास इंडिकोप्ल्यूस्टीस याच्या इ. स. ५५० च्या सुमाराच्या ग्रीक ग्रंथाचा आहे. त्याच्या तिसऱ्या खंडांत मिऱ्याच्या ‘माले’ देशांतील मंडळीचा उल्लेख झाल्यावर ‘कल्लियाना’ येथें पर्शियांत नेमला जाणारा बिशप असतो, एवढेंच म्हटलें आहे. मालेचा उल्लेख लगतच असल्यानें कांहीं विद्वानांनीं हें कल्लियाना दक्षिणेंत शोधलें. परंतु अकराव्या खंडांत ग्रंथकारानें बंदरांची यादी दिली आहे. तींत सिंधु, ओर्रोथा, कल्लियाना, सिबोर असा क्रम असून मालेचीं पांच बंदरें त्यांच्यानंतर वेगळीं दिलीं आहेत. ओर्रोथा म्हणजे सौराष्ट्र व सिबोर म्हणजे चौल हें बहुमान्य आहे. या दोहोंमध्यें येणारें बंदर उल्हास नदीवरील कल्याणच होय. तेथील निर्गतींत तांबें व कापड हीं सांगितलीं आहेत. कल्याणच्या व्यापाऱ्यांचीं नांवें कान्हेरीच्या दानलेखांत आढळतात. पहिल्या शतकांतील ‘पेरिप्लस’कारासही कल्याण ठाऊक होतें व आमच्या सोलापुरानजीकचें तगर, म्हणजे आजचें तेर, हेंही ठाऊक होतें. तेव्हां समुद्रपारचा मनुष्य या किनाऱ्यास स्थायिक होणें यांत नवल कांहीं नाहीं. स्थळाचा प्रश्न येथवर निकालांत निघतो.

आतां मत. नेस्तोरियस हा इ. स. ४२८ मध्यें कॉन्स्टॅन्टिनोपलचा बिशप झाला. मरियेस ‘देवमाता’ म्हणण्यापेक्षां ‘ख्रिस्तमाता’ म्हणावें, असा त्याचा आग्रह होता. कारण जन्म, क्षुधा व मृत्यु हे धर्म मानवी स्वभावाचे, दैवी स्वभावाचे नव्हेत. अलेक्झांड्रियाच्या सिरिलनें यावर आक्षेप घेतला कीं, असें म्हटल्यास ख्रिस्ताचे दोन पुरुष होतात. इ. स. ४३१ च्या एफिससच्या परिषदेनें नेस्तोरियसास पदच्युत केलें. पुढें इ. स. ४५१ मध्यें खाल्सेदोनच्या परिषदेनें ‘दोन स्वभाव, एक पुरुष’ असा निर्णय दिला. पर्शियांतील मंडळीनें मात्र इ. स. ४२४ मध्यें, म्हणजे एफिससच्या सात वर्षें आधींच, आपण पश्चिमेकडील बिशपांच्या अधीन नाहीं असें ठरविलें होतें. अर्थात् ही मंडळी नेस्तोरियसानें स्थापिली नाहीं. तिचा मुख्य आचार्य मोप्सुएस्तियाचा थिओडोर होय. ती नेस्तोरियसास पूज्य मानी, हें खरें व तें लपविण्याचें कारण नाहीं. पण पूज्य मानणें निराळें आणि त्याच्यावरील आरोप हाच आपला सिद्धांत म्हणून पत्करणें निराळें.

वादाचें मूळ पुष्कळसें भाषेंत आहे. सुरयानी ग्रंथकार बाबइ (मृत्यु इ. स. ६२८) यानें ख्रिस्ताचे दोन ‘क्याने’, दोन ‘क्नोमे’ व एक ‘पर्सोपा’ असें सूत्र घातलें. क्याना म्हणजे स्वभाव. पर्सोपा म्हणजे पुरुष. आणि क्नोमा म्हणजे तो स्वभाव जेथें प्रत्यक्ष असतो तें एकेक अस्तित्व. ग्रीक लोकांनीं क्नोमा व आपला ‘हिपोस्टासिस’ शब्द एकच धरला, हिपोस्टासिसचा अर्थ पुरुष केला, आणि ‘हे दोन पुरुष मानतात’ असा निवाडा झाला. मराठींत दोन्ही शब्दांस सरसकट ‘व्यक्ति’ लिहिणारे तीच चूक पुन्हां करितात. शिवाय बाबइचें सूत्र कॉस्मासच्या अर्धशतकानंतरचें. तें कल्याणच्या बिशपाच्या मुखीं घालणें हा कालविपर्यास होय. खुद्द कॉस्मासच्या त्या वाक्यांत नेस्तोरियसाचें नांवही नाहीं.

मग हें नांव ठाण्यास कोणी चिकटविलें? इ. स. १३२१ मध्यें ठाण्यास चार फ्रान्सिस्कन साधु मारले गेले. त्यांचा वृत्तांत पोर्देनोनेच्या ओदोरिकनें इ. स. १३३० मध्यें सांगून लिहविला. तो म्हणतो कीं, तेथें नेस्तोरींचीं पंधरा घरें असून ते लोक पाखंडी आहेत. हा साक्षीदार प्रतिपक्षाचा आहे. त्याच ग्रंथांत मैलापूरलाही नेस्तोरींचीं सुमारें पंधरा घरेंच सांगितलीं आहेत. तेव्हां या आंकड्यावर लोकसंख्येचें गणित बांधूं नये. परंतु त्याच वृत्तांतांतील एक शब्द मोलाचा आहे. घरधन्याची बायको काजीपुढें साधूंचा उल्लेख ‘राबान’ असा करिते. हा सुरयानी भाषेंतील संन्याशाचा वाचक शब्द आहे. लॅटिन लेखकास तो रचून घालण्याचें प्रयोजन नव्हतें. ठाण्याच्या घरांत सुरयानी परंपरा जिवंत होती, याचा पंधरा या आंकड्यापेक्षां हा बळकट पुरावा होय. पुढें काजीनें ख्रिस्त केवळ मनुष्य होता असें म्हटलें व साधु तोमास यानें तो खरा देव व खरा मनुष्य आहे असें प्रतिपादिलें. या विधानास ठाण्याच्या यजमानांनींही नकार दिला नसता, हें ध्यानांत घ्यावें. ज्यांच्या छपराखालीं ते उतरले होते त्यांसच ओदोरिक पाखंडी म्हणतो.

या लोकांची स्वतःची बाजू आपणांस कां ऐकूं येत नाहीं? इ. स. १५९९ च्या उदयंपेरूर येथील सभेनंतर मलबारांतील सुरयानी पोथ्या नेस्तोरी ठरवून जाळण्यांत आल्या. उलट एक पोथी वांचल्यानें काय होतें, तेंही पाहण्यासारखें आहे. नेस्तोरियसाचा स्वतःचा ‘हेराक्लिदेसाचा बाजार’ हा ग्रंथ सुरयानी भाषांतराच्या रूपानें कुर्दिस्तानांतील कोचानेस येथील पॅट्रिआर्काच्या ग्रंथालयांत राहिला होता. बेजाननें तो इ. स. १९१० मध्यें छापला, आणि हा मनुष्य खरोखरच ‘नेस्तोरी’ होता काय, असा प्रश्न विद्वानांत नव्यानें उभा राहिला. इ. स. १९९४ मध्यें तर रोमचे पोप दुसरे जॉन पॉल व पूर्वेकडील अ‍ॅसिरियन मंडळीचे चवथे मार दिन्खा यांनीं ख्रिस्ताविषयींच्या समान श्रद्धेच्या संयुक्त पत्रकावर सह्या केल्या.

सारांश, कल्याणास पर्शियांत नेमलेला बिशप होता, असें निःशंक लिहावें; तो ‘नेस्तोरी’ होता, असें लिहिण्यापूर्वी हें नांव कोणी, केव्हां व कोणाविरुद्ध वापरलें तें सांगावें. पोथ्यांच्या संग्राहकांस विनंति इतकीच कीं, जुन्या टिपणांत वा यादींत ‘पाखंडी’ असा शेरा दिसल्यास तो शेरा उतरून घ्यावा, पण त्यावरून पोथी टाकूं नये. शेरा मारणाऱ्याचें मत त्यावरून कळतें. पोथीचें मत पोथी वाचल्याखेरीज कळत नाहीं.