माजघरातील मौन : मराठी कादंबरीतील स्मृती आणि कौटुंबिक रहस्य

कौटुंबिक रहस्य म्हटले की वाचकाच्या मनात एक ठराविक चित्र उभे राहते. माळ्यावरची जुनी पेटी, तिच्या तळाशी सापडलेले पत्र, कोणाच्या तरी जन्माविषयीची दडवलेली हकीकत, आणि शेवटच्या प्रकरणात तिचा उलगडा. अशा कादंबऱ्या आपल्याकडेही पुष्कळ लिहिल्या गेल्या आहेत व आवडीने वाचल्याही गेल्या आहेत. त्यांच्याविषयी आमची तक्रार नाही. परंतु स्मृती, प्रेम, वियोग आणि घराण्यातील झाकलेल्या गोष्टी यांचा आविष्कार करणाऱ्या श्रेष्ठ मराठी कादंबऱ्या या चौकटीत बसवू गेल्यास त्यांचे मर्मच हातून निसटते, असे आम्हांस वाटते. मराठी घरात रहस्य म्हणजे कोणालाही ठाऊक नसलेली गोष्ट नव्हे. बहुधा ती सर्वांना ठाऊक असते. ती बोलली मात्र जात नाही. आणि न कळलेली गोष्ट व न बोललेली गोष्ट यांतील अंतर कादंबरीच्या घाटाच्या दृष्टीने फार मोठे आहे.

हे अंतर स्पष्ट होण्यासाठी 'अभिज्ञानशाकुंतला'ची आठवण करणे उपयुक्त ठरेल. स्मृती, प्रेम, विरह आणि गुप्त विवाह हे सारेच तेथे आहे. दुर्वासाच्या शापाने दुष्यंताला विस्मरण होते. पाचव्या अंकात हंसपदिकेचे गाणे ऐकून त्याचे मन अकारण व्याकुळ होते, पण त्या व्याकुळतेचा विषय त्याला सापडत नाही. पुढे माशाच्या पोटातून अंगठी मिळते आणि शापाचा पडदा दूर होतो. येथे सत्याला आड आलेली वस्तू म्हणजे विस्मृती होय. खुणेची अंगठी मिळताच सत्य उघडे होते आणि त्याबरोबर न्यायाचाही मार्ग मोकळा होतो. मराठी कौटुंबिक कादंबरीत असा शाप नाही आणि अशी अंगठीही नाही. कोणीच काही विसरलेले नसते. म्हणूनच कोणाला काही आठवून देऊन भागत नाही. तेथे एका माणसाने तोंड उघडावे लागते. ते उघडल्याने काय साधते आणि काय साधत नाही, याचा शोध हाच त्या कादंबरीचा विषय होतो. तीन वेगवेगळ्या काळांतील तीन कादंबऱ्यांच्या आधारे हे विधान आम्ही तपासून पाहू इच्छितो.

पहिली अर्थातच हरिभाऊ आपट्यांची 'पण लक्षात कोण घेतो!'. हरिभाऊंनी १८९० साली सुरू केलेल्या 'करमणूक' साप्ताहिकातून ती क्रमशः आली आणि १८९३ साली पुस्तकरूपाने पूर्ण झाली. या मधल्या काळातच, १८९१ साली, संमतिवयाचा कायदा झाला. त्यावरून महाराष्ट्रात केवढे वादळ उठले हे सर्वांना ठाऊक आहे. आगरकरांचा 'सुधारक' त्याआधीच, १८८८ साली, निघालेला होता. बालविवाह, स्त्रीशिक्षण, केशवपन या विषयांवर सभांतून आणि वृत्तपत्रांतून रणे माजलेली होती. तेव्हा यमूच्या वाट्याला जे आले ते महाराष्ट्राला अज्ञात होते असे कोण म्हणेल? चव्हाट्यावर वाद आणि माजघरात मौन, अशी ती स्थिती होती. हरिभाऊंनी आपली कादंबरी नेमकी या दोहोंच्या उंबऱ्यावर उभी केली. यमू स्वतःची हकीकत स्वतः सांगते. लहानपणीचे खेळ, आईचा मृत्यू, वडिलांचे दुसरे लग्न, सासर, रघुनाथरावांच्या सहवासातले मुंबईचे सुखाचे दिवस, मग वैधव्य आणि कपटाने झालेली विटंबना, हे सर्व तिच्याच तोंडून आपल्याला कळते.

या कादंबरीचे नावच आमच्या विवेचनाला आधार देणारे आहे. हे 'कोणास ठाऊक' असे विचारणारे नाव नाही. 'लक्षात कोण घेतो' असे विचारणारे आहे. ठाऊक असणे आणि लक्षात घेणे या दोन भिन्न क्रिया आहेत, हे मराठी भाषेनेच आपल्याला शिकवले आहे. यमूच्या भोवतालची माणसे आंधळी नाहीत. मैत्रीण दुर्गीचे हाल शेजाऱ्यांना दिसतात, यमूचे दुःख घरातल्या बायकांना दिसते. त्यांपैकी कित्येकींनी तेच भोगलेले असते. पण पाहिलेले लक्षात घेतले तर काही करावे लागते. ते टाळण्यासाठी घर गप्प राहते. यमूची स्मृती या गप्प राहण्याविरुद्ध उभी आहे. म्हणूनच ती बारीकसारीक तपशील सोडीत नाही. कोण कोठे बसले होते, कोण काय बोलले, कोणाचा चेहरा कसा झाला, हे सारे ती साक्षीदाराच्या काटेकोरपणाने नोंदवते. टीकाकारांनी या कादंबरीच्या पाल्हाळाला नावे ठेवली आहेत आणि क्रमशः प्रकाशनाचे काही दोष तिच्यात आहेत हेही खरे आहे. पण या पाल्हाळाचा काही भाग तरी साक्षीचा पाल्हाळ आहे, हे विसरता कामा नये.

मात्र एका ठिकाणी हरिभाऊंची कला त्यांच्याच अंतर्दृष्टीपासून ढळते असे आमचे मत आहे. शंकरमामंजींचे पात्र इतके दुष्ट, इतके कपटी रंगवले आहे की वाचकाचा सर्व संताप त्याच्यावरच खर्ची पडतो. खलपुरुष सापडला की बाकीचे घर निर्दोष ठरते. वास्तविक शंकरमामंजीला जे करता आले ते इतरांच्या मौनामुळे करता आले. या मौनाचा हिशेब कादंबरीत ठिकठिकाणी आहे, पण खलनायकाच्या गडद सावलीत तो अंधुक होतो. शिकवताना आपण याच सावलीकडे बोट दाखवतो आणि मौनाकडे दाखवत नाही, ही तर आणखीच खेदाची गोष्ट.

दुसरी कादंबरी भालचंद्र नेमाडे यांची 'कोसला', १९६३ सालची. हिच्यात कौटुंबिक रहस्य कोठे आहे, असा आक्षेप कोणी घेईल. खानदेशातील सांगवी गावचा पांडुरंग सांगवीकर पुण्यास शिकावयास जातो, वसतिगृहात रमतो, विटतो, पैसे उधळतो, नापास होतो, गावी परत येतो, एवढेच तर तिचे कथानक. येथे दडवलेले असे काय आहे? आमच्या मते दडवणारा येथे निवेदक स्वतःच आहे. यमूचे घर गप्प होते आणि ती बोलत होती. पांडुरंग तर अखंड बोलतो, आणि त्या बोलण्याच्या आड लपतो. त्याच्या निवेदनातील 'वगैरे' आणि 'उदाहरणार्थ' या शब्दांची पुष्कळ चर्चा झाली, नक्कलही पुष्कळ झाली. परंतु 'वगैरे' हा शब्द काय करतो हे पाहिले पाहिजे. सांगण्याच्या ऐन टोकावर आल्यावर जे सांगायचे ते 'वगैरे'त टाकून पुढे निघून जाता येते. गोष्ट अर्ध्यावर सोडण्याची ती एक सभ्य युक्ती आहे.

ही युक्ती जेथे निरुपयोगी ठरते ते स्थळ म्हणजे धाकट्या बहिणीचा, मनीचा मृत्यू. मनी देवीच्या रोगाने जाते. आजच्या विद्यार्थ्याला देवी म्हणजे काय हे समजावून सांगावे लागते, कारण १९६२ साली राष्ट्रीय निर्मूलन कार्यक्रम सुरू होऊन १९७७ साली भारत या रोगापासून मुक्त झाल्याचे जाहीर झाले. कादंबरी लिहिली गेली तेव्हा मात्र हा मृत्यू कोणत्याही खेड्यातील कोणत्याही घराच्या दाराशी उभा होता. अशा मृत्यूची घराला सवय झालेली असते. घर रडते, दिवस घालते आणि पेरणीला लागते. यात क्रौर्य आहे असे नव्हे. जगण्याची ती रीत आहे. पांडुरंगाला ही रीत मान्य होत नाही. एरवी थट्टेखोर असलेले त्याचे निवेदन येथे उघडे पडते. लहान जिवाचे हे जाणे कोणत्याच हिशेबात बसत नाही असे त्याला वाटते. अजिंठ्याच्या लेण्यांतही हे दुःख त्याची पाठ सोडीत नाही. मनीविषयीचे पांडुरंगाचे प्रेम कादंबरीच्या उपहासाखाली वाहणारा अंतःप्रवाह आहे, आणि तो ज्याला जाणवला नाही त्याला 'कोसला' ही केवळ एका आळशी विद्यार्थ्याची गंमत वाटते. तरुण वाचकांनी या कादंबरीची भाषा उचलली आणि तिचे दुःख मागे ठेवले, हा तिच्या लोकप्रियतेतील विपर्यास होय. या विपर्यासाला कादंबरीतही थोडी जागा आहे. उपहासाचा रंग काही प्रकरणांत इतका एकसुरी होतो की त्याखालचे काही ऐकू येऊ नये.

तिसरी कादंबरी आपल्या शतकातील आहे : सचिन कुंडलकर यांची 'कोबाल्ट ब्लू', २००६ सालची. जेरी पिंटो यांनी २०१३ साली तिचा इंग्रजी अनुवाद केला आणि २०२२ साली खुद्द लेखकानेच तिच्यावर चित्रपट काढला. पुण्यातील एका मध्यमवर्गीय घरात एक तरुण पेइंग गेस्ट म्हणून राहावयास येतो. त्याचे नाव आपल्याला शेवटपर्यंत कळत नाही. घरातील मुलगा तनय त्याच्या प्रेमात पडतो आणि मुलगी अनुजाही. एके दिवशी हा पाहुणा अनुजाला घेऊन निघून जातो. काही महिन्यांनी ती एकटीच परत येते. कादंबरीचे दोन भाग आहेत. पहिल्यात तनय त्या गेलेल्या माणसाला 'तू' म्हणून उद्देशून बोलतो. दुसरा भाग अनुजाच्या रोजनिशीचा आहे.

या रचनेकडे नीट पाहावे. भावंडे एका छपराखाली वाढली, एकाच माणसाला मुकली, आणि तरीही ते दुःख एकमेकांपाशी हलके करणे त्यांना जमत नाही. एक जण अनुपस्थित माणसाशी बोलतो, दुसरी वहीशी. दोन्ही कथने जेथे एकमेकांना भिडतील असे वाटते तेथे मध्ये भिंत लागते. ही भिंत कादंबरीच्या दोन भागांमधली कोरी जागा आहे, आणि ती ओलांडण्याचे सामर्थ्य एकट्या वाचकाला दिलेले आहे. शिवाय दोघांच्या मौनाचे वजन सारखे नाही. अनुजाचे प्रकरण घराला कळलेले आहे. त्यावरून रागावता येते, रडता येते, तिचे पुढे काय करावे याचा खल करता येतो. तनयच्या दुःखाला घराच्या व्यवहारात नावच नाही. कादंबरी प्रसिद्ध झाली तेव्हा त्याचे प्रेम कायद्यानेही गुन्ह्यात जमा होत होते. सर्वोच्च न्यायालयाने ती स्थिती पालटली ती २०१८ साली. बहिणीच्या शोकात तो सहभागी होऊ शकतो, स्वतःच्या शोकात नाही. कुंडलकरांनी हे कोठेही भाषण करून सांगितलेले नाही. एकच आठवण दोन तोंडांनी सांगितली की तिच्यातील कोणता अंश कोणाला उच्चारता येतो, एवढेच ते दाखवतात.

या कादंबरीत उणीव नाही असे नाही. तो पाहुणा माणसापेक्षा प्रतीकच अधिक वाटतो. त्याचे रंग, त्याची खोली, त्याची बेफिकिरी लक्षात राहते. त्याला काय हवे होते हे समजत नाही. परंतु दोन दुखावलेल्या स्मृतींतून दिसणारा मनुष्य याहून वेगळा दिसेल का, असाही प्रश्न उरतो. म्हणून ही उणीव आम्ही अर्धीच मोजतो.

या तिन्ही कृती एका ओळीत ठेवल्या म्हणजे एक क्रम दिसू लागतो. यमू घराच्या मौनाविरुद्ध समाजाला साक्षीला बोलावते. वाचक लक्षात घेईल, असा तिच्या निर्मात्याला भरवसा आहे. पांडुरंगाला असा भरवसा नाही. तो बोलून बोलून झाकतो, आणि एका मृत्यूपाशी त्याचे झाकण निसटते. तनय आणि अनुजा समाजालाही बोलावीत नाहीत. ती दोघे ऐकणाऱ्याशिवाय बोलतात. सुमारे एकशे दहा वर्षांत मराठी कादंबरीतील आठवणारा माणूस अधिकाधिक एकटा होत गेला आहे. सुधारणा झाल्या, कायदे झाले, देवीचा रोगही गेला. न बोलण्याची रीत मात्र घर बदलून राहिली.

यावर एक आक्षेप संभवतो. रहस्य आधीच सर्वांना ठाऊक असेल तर वाचकाची उत्कंठा कशाच्या बळावर टिकणार? त्याचे उत्तर असे की, काय घडले यापेक्षा हे आता कोण, कोणापाशी आणि कोणत्या शब्दांत बोलेल, याची उत्कंठा अधिक खोल असते. पहिली उत्कंठा उलगड्याबरोबर संपते आणि पुस्तक पुन्हा हाती घ्यावेसे वाटत नाही. दुसरी प्रत्येक वाचनात नव्याने लागते. या तिन्ही कादंबऱ्यांचा शेवट ठाऊक असूनही आपण त्या पुन्हा वाचतो, यातच या म्हणण्याचा पुरावा आहे.

अध्यापक बंधुभगिनींना म्हणून आमची एक विनंती आहे. 'यमूच्या वाट्याला आलेली दुःखे सांगा', 'पांडुरंगाचे स्वभावचित्र रेखाटा' असे प्रश्न आपण वर्षानुवर्षे घालत आलो आहोत. त्यांच्या उत्तरांत विद्यार्थी घटनांची यादी देतो आणि सुटतो. त्यांच्या जोडीला आणखी एक प्रश्न असावा : ही हकीकत घरातल्या आणखी कोणाकोणाला ठाऊक होती, आणि ते का बोलले नाहीत? या प्रश्नाचे उत्तर शोधताना विद्यार्थ्याला कादंबरीच्या कडेला उभी असलेली माणसे दिसू लागतील. आत्या, काकू, शेजारीण, थोरला भाऊ, ओटीवर बसलेले वडील. त्यांपैकी एखाद्याची ओळख त्याला आपल्या घरातही पटेल. वाङ्मयाचा अभ्यास जगण्याला भिडतो तो अशा ठिकाणी, आणि तो भिडावा यासाठीच तर आपण शिकवतो.