मांडवातला विनोद

आपल्याकडे लग्नात भाषणाची जुनी रीत नाही. उखाणा होता, मंगलाष्टकं होती. आता रिसेप्शनला जिवलग मित्राच्या हातात माइक येतो आणि तो सुरू करतो, “याच्या कॉलेजातल्या भानगडी सांगू का?” मित्रमंडळी हसतात. नवरीकडची माणसं मात्र एकमेकांकडे बघत बसतात.

मीही हे केलंय. मित्राला किती मुलींनी नकार दिला, ते मी रंगवून सांगितलं. हशा मिळाला. पण पहिल्या रांगेत त्याची आई होती. त्यातला प्रत्येक नकार तिनं गिळला होता. मला ते ठाऊक होतं, तरी मी बोललो.

पुढे पुलंचा ‘नारायण’ पुन्हा वाचला. ‘व्यक्ती आणि वल्ली’तला, दुसऱ्यांच्या लग्नात राबणारा. आपण हसतो कशाला? त्याच्या धावपळीला, खरेदीतल्या त्याच्या रुबाबाला. पण ती सगळी धावपळ इतरांसाठी असते! म्हणून हसता हसता त्याच्याबद्दल माया वाटायला लागते. विनोदाचा रोख नारायणाच्या उणिवेवर नाही, त्याच्या असोशीवर आहे.

माझ्या भाषणाचा रोख उणिवेवरच होता. हाच मित्र माझ्या वडिलांच्या ऑपरेशनच्या रात्री धावतपळत डबा घेऊन आला होता. उघडला तर नुसता भात, आमटी घरीच राहिलेली! हा किस्सा सांगायला हवा होता. सगळे हसले असते, आणि आपण कोणाशी लग्न करतोय, हे नवरीलाही कळलं असतं.